बाजूचे टेबल

आमच्या शाळेत दर जूनमध्ये एक छापील तक्ता भरून द्यावा लागतो. नाव, हुद्दा, जन्मतारीख असे रकाने झाले की शेवटी 'शैक्षणिक पात्रता' हा एक अरुंद रकाना येतो. माझ्या सहकाऱ्यांना तो नेहमी अपुरा पडतो. एम. ए., बी. एड. आणि आणखी कसली कसली अक्षरे ते मुंग्यांच्या रांगेसारखी त्यात कोंबतात. मला मात्र तो रकाना ऐसपैस होतो. 'मॅट्रिक' एवढा एक शब्द लिहावा, त्यापुढे चित्रकलेच्या पदविकेची तीन अक्षरे टाकावीत, की काम संपले. आमच्या वऱ्हाडात दहावीला लोक अजून मॅट्रिकच म्हणतात, आणि मला तो शब्द आवडतो. त्यात काहीतरी पुरे झाल्याचा आव आहे!

तेव्हा मी कॉलेजात गेलो नाही. हे सांगताना आता लाज वाटत नाही; पण एक काळ असा होता की वाटत असे. ती लाज कुठे गेली, हे शोधू लागलो तर मला कुठल्या ग्रंथाचे किंवा गुरूचे नाव आठवत नाही. आठवते ते एक हॉटेल. आणि गंमत अशी की, ते हॉटेल वयाची चाळिशी उलटून जाईपर्यंत मी पाहिलेही नव्हते.

१९९५ साली मी आणि माझा एक मित्र तिवशाच्या शाळेतून बरोबरच मॅट्रिक झालो. त्याला माझ्यापेक्षा पुष्कळ जास्त मार्क होते. त्याच्या वडिलांची शेती होती आणि माझ्या वडिलांचे शिलाईचे मशीन होते. एवढा एक फरक सोडला तर आम्ही दोघे एकाच पाटीवरच्या दोन ओळींसारखे होतो. तो अमरावतीला सायन्सला गेला. मीही अमरावतीलाच गेलो. पण दोन वर्षांत नोकरी लागावी म्हणून ड्रॉइंग मास्तरकीच्या वर्गात.

अमरावती हे कॉलेजांचे गाव. १९२३ साली तिथे किंग एडवर्ड कॉलेज निघाले, तेच पुढे विदर्भ महाविद्यालय झाले. पंजाबराव देशमुखांनी १९३२ साली शिवाजी शिक्षण संस्था काढली आणि कुणब्यामाळ्यांच्या पोरांना कॉलेजची वाट दाखवली. १९८३ साली विद्यापीठही आले. जिथे कॉलेज तिथे चहाचे हॉटेल, हा तर निसर्गनियमच आहे. संध्याकाळी मी अशाच एका हॉटेलात जाऊन बसत असे. आजूबाजूला कॉलेजची पोरे. कुणाच्या हातात जाडजूड पुस्तक, कुणाच्या तोंडी प्रोफेसरची नक्कल. एकदा एकाने मला सहज विचारले, "काय गा, कोणत्या इयरले हायेस?"

"फर्स्ट इयरले," मी म्हणालो.

ते खोटे नव्हते. ड्रॉइंगच्या वर्गाचेही ते पहिले वर्षच होते. पण ज्या अर्थी मी त्यानंतर महिनाभर त्या हॉटेलाच्या रस्त्याने गेलो नाही, त्या अर्थी ते खरेही नसावे.

१९९७ साली मित्र पुण्याला गेला. बडनेऱ्याहून महाराष्ट्र एक्स्प्रेसने. त्याला पोचवायला गेलेल्यांत मीही होतो. गाडी हलली तेव्हा तो म्हणाला, "पत्र धाडतो बे." आणि त्याने ती धाडलीही. आमच्या तालुक्यात पत्राची परंपरा फार जुनी आहे म्हणा! वर्धा नदीच्या काठचे कौंडण्यपूर हे रुक्मिणीचे माहेर. तिने द्वारकेला पत्र धाडले आणि श्रीकृष्णाला थेट वऱ्हाडात यावे लागले. माझ्या मित्राच्या पत्रांनी कुणी आले-गेले नाही; पण मी मात्र तिवशात बसल्या बसल्या पुण्याला जाऊ लागलो.

त्या पत्रांतून कॉलेज फारसे येत नसे. यायचे ते 'कॅफे गुडलक'. डेक्कन जिमखान्यावरचे हे इराण्याचे हॉटेल हुसेन अली याक्षी यांनी १९३५ साली सुरू केले. (त्याच १९३५ साली आमच्या तालुक्यात मोझरीला तुकडोजी महाराजांनी गुरुकुंज आश्रम उभारला. एकीकडे लोकांनी व्यसने सोडावीत म्हणून खंजिरी वाजू लागली, आणि दुसरीकडे लोकांना चहाचे व्यसन लागावे म्हणून कपबशा वाजू लागल्या. दोन्ही जागा अजून नांदत्या आहेत, यात माणसाच्या स्वभावाचे सगळे सार आले!) इराणातल्या यझ्द वगैरे मुलखातून ही मंडळी मुंबई-पुण्याला आली, त्यांत पारशी धर्माचे होते तसेच मुसलमानही होते. रस्त्याच्या कोपऱ्यावरची जागा आपले व्यापारी अशुभ म्हणून घेत नसत, ती या लोकांनी घेतली, असे सांगतात. ज्या कोपऱ्याला कुणी हात लावीना, तिथे दोन रस्त्यांची गिऱ्हाइके येऊन बसू लागली. अशुभ म्हणतात ते कुणाच्या नशिबी कसे शुभ होऊन येईल याचा नेम नाही. 'गुडलक' हे नाव तर त्यांनी मुद्दाम ठेवले असावे असे वाटते.

जवळच फर्ग्युसन कॉलेज, १८८५ सालचे. त्यामुळे या हॉटेलाच्या गिऱ्हाइकाला विशीच्या पुढे वय वाढू देण्याची चिंता कधी पडली नाही. जुनी पोरे पिकून जायची आणि दर जूनला नवी यायची. प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली कोल्हापूरहून पुण्याला आली होती. देव आनंदचे पहिले चित्र 'हम एक हैं' तिथेच तयार झाले आणि १९४६ साली लागले. त्या दिवसांत तो गुडलकमध्ये येऊन बसत असे, ही गोष्ट पुणेकर अजून अभिमानाने सांगतात. प्रभातच्या जागेत १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट निघाली आणि मग तिथली पोरेही दाढ्या वाढवून गुडलकच्या खुर्च्यांवर येऊन बसू लागली.

हे सगळे मला पत्रांतून कळले. मित्र लिही, "आज आमच्या टेबलावर फिल्म इन्स्टिट्यूटचे दोघे होते. सिनेमात गाणे असावे की नसावे यावर दोन तास भांडण. चहा एकच." दुसऱ्या पत्रात एक कवी येई. तिसऱ्यात मार्क्सवर बोलणारा एक तोतरा मुलगा येई, आणि तो तोतरा असल्यामुळे त्याचे कुणी मधेच तोडू शकत नसे. बन-मस्का चहात किती वेळ बुडवावा याचेही शास्त्र एका पत्रात होते: फार वेळ बुडवला तर मस्का चहावर तरंगतो आणि बन तळाशी जातो, "म्हणजे दोन्ही कॉलेजं सुटल्यासारखं." 'गुडलकला भेटू' एवढे म्हटले की वेळ सांगावी लागत नाही, कारण ज्याला यायचे तो तिथे बसलेलाच असतो, हेही त्याने लिहिले होते.

मी ती पत्रे किती वेळा वाचली असतील! तिवशात दिवे जात. कंदिलाच्या उजेडात मी ती वाची आणि वहीच्या मागच्या पानावर ते हॉटेल काढून पाही. टेबले काढी, खुर्च्या काढी, बसलेली माणसे काढी. एका खुर्चीवर मी स्वतःला बसवून पाहिले. पण चित्रात ते जमेना. म्हणून लिहून पाहिले, आणि ते जमले. माझ्या लेखनाचा आरंभ असा आहे.

माझ्या दुसऱ्या कादंबरीत एक सबंध प्रकरण त्या हॉटेलात घडते. कादंबरीतली चार पोरे एका कपावर सबंध जगाची वाटणी करतात. ते प्रकरण लोकांना आवडले. एका पुणेकर वाचकाचे पत्र मात्र आले. त्याने अत्यंत सभ्य भाषेत विचारले होते, की आपण वर्णिलेला हॉटेलासमोरचा पिंपळ आणि ती निवांत गल्ली पुण्यात नेमकी कुठे आहे? त्या पत्राला मी उत्तर लिहिले नाही. पिंपळ तिवशाचा होता. आमच्या एस. टी. स्टँडाजवळचा.

मित्र तोवर गावी परतला होता. वडील खचले म्हणून त्याने शेती हातात घेतली. आधी कपाशी, मग सोयाबीन, तूर. गावात त्याला 'पुण्याचा बी. एस्सी.' म्हणत, आणि तो ते ऐकून बैलाकडे बघे. कादंबरी मी त्याला नेऊन दिली. आठ दिवसांनी भेटला तेव्हा म्हणाला, "बरं लिवलं." एवढेच. मला ते लागले. ज्याच्या पत्रांतून मी सगळे घेतले त्याने आणखी दोन शब्द बोलायला काय हरकत होती? पुण्याचा विषय काढला की तो पावसाचा काढी. पुढे मीही सोडून दिले.

गेल्या वर्षी माझ्या पुतणीला पुण्यात प्रवेश मिळाला. तिला पोचवायला मी गेलो. फी भरली, वसतिगृह पाहिले, आणि संध्याकाळी मी तिला म्हणालो, "चल, तुला एक हॉटेल दाखवतो." जणू काही मी तिथला जुना गिऱ्हाईक!

निवांत गल्ली कसली! भर चौक. त्या चौकालाच लोक गुडलक चौक म्हणतात. एका हॉटेलाने एका चौकाचे बारसे केले आहे. रिक्षांचे भोंगे, सिग्नलला थांबलेल्या गाड्या, आणि हॉटेलाच्या दारात नंबर लागण्याची वाट पाहत उभी असलेली माणसे. पुतणीने इकडेतिकडे पाहिले आणि म्हणाली, "काकाजी, तुमच्या कादंबरीतला पिंपळ कुठाय?"

"तोडला असेल," मी म्हणालो. दुसऱ्याच वाक्याला खोटे! कादंबरीकाराची सवय काही सुटत नाही.

आत गेलो. आम्हांला टेबल मिळाले, पण ते आमच्या एकट्यांचे नव्हते. वेटरने आणखी दोन पोरांना आमच्यासमोरच्या खुर्च्यांवर आणून बसवले आणि तो निघून गेला. त्यांना त्यात काही वाटले नाही, आम्हांलाही वाटून घेण्याची सोय नव्हती. चहा आला, बन-मस्का आला. समोरची पोरे एका सिनेमाच्या शेवटावरून भांडत होती. मी बन चहात बुडवला आणि ऐकत राहिलो. मस्का तरंगू लागला तेव्हा भानावर आलो.

त्यांतल्या एकाला माझ्याकडे पाहून काय वाटले कोण जाणे. त्याने आदराने विचारले, "सर, तुम्ही कुठल्या कॉलेजला शिकवता?"

अमरावतीचे ते हॉटेल एकदम डोळ्यांपुढे उभे राहिले. पुतणी माझ्याकडे पाहत होती. मी म्हणालो, "कॉलेजात नाही. शाळेत. ड्रॉइंग शिकवतो. मी स्वतः मॅट्रिक आहे."

काही झाले नाही. कुणाच्या हातचा कप पडला नाही. तो मुलगा म्हणाला, "मग तुम्हीच सांगा सर, त्या शेवटच्या फ्रेममध्ये खिडकी रिकामी ठेवायला पाहिजे होती की नाही?" आणि मी, ज्याने तो सिनेमा पाहिलाही नव्हता, रिकाम्या खिडकीविषयी पाऊण तास बोललो. चित्रातली रिकामी जागा हा माझ्या विषयाचाच भाग आहे. कॉलेजला प्रवेश लागतो, त्याला मार्क लागतात, फी लागते. या जागेला एका चहाचे पैसे लागतात. आणि नंतर तुम्ही कोण, हे विचारले तरी उत्तरावाचून कुणाचे अडत नाही.

जगात कॉलेजच्या गावी अशा जागा असतातच. कलकत्त्याला कॉलेज स्ट्रीटवर कॉफी हाऊस आहे. तिथल्या अड्ड्यावर १९८३ साली मन्ना डे यांनी गायिलेले गाणे बंगाली माणूस अजून डोळे ओले करून ऐकतो. ऑक्सफर्डला तर 'ईगल अँड चाइल्ड' नावाचा चक्क दारूचा गुत्ता होता. टॉल्किन आणि सी. एस. लुईस हे प्रोफेसर आपल्या मित्रांसह दर मंगळवारी सकाळी तिथे जमत. त्या गुत्त्याची मालकी पुष्कळ वर्षे ऑक्सफर्डच्याच कॉलेजांकडे होती! २०२० साली तो बंद पडला तेव्हा जगभरच्या वाचकांना हळहळ वाटली. आमच्याकडे वर्धा जिल्ह्यात दारूबंदी असल्यामुळे नदीच्या अलीकडच्या गुत्त्यांना निराळेच महत्त्व आहे. पण तिथे जमणाऱ्या मंडळींनी अद्याप कुणी टॉल्किन निपजवल्याचे ऐकिवात नाही. मला वाटते, पेल्यात काय आहे याला महत्त्व नसते. दुसऱ्याचे बोलणे कानावर पडेल इतके टेबल जवळ असावे लागते, आणि उठ म्हणणारे कुणी नसावे लागते.

गावी परतलो आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मित्राला स्टँडावरच्या हॉटेलात गाठले. त्याला सगळे सांगितले. चौक, गर्दी, ती पोरे, रिकामी खिडकी. पिंपळाची गोष्ट सांगितली तेव्हा तो हसला. मग बराच वेळ कपाशी चाळा करीत बसला. म्हणाला, "तुले एक सांगू? मी त्याईच्या टेबलावर कधी बसलोच नाही."

"म्हणजे?"

"मी बाजूच्या टेबलावर बसो. थे बोलत, मी आयकत बसो. रात्री खोलीवर गेलो का तुले लिवो. थो तोतरा पोरगा, थो कवी... त्याईले माह्यं नावबी मालूम नव्हतं."

मी काही बोललो नाही.

"आन दुसऱ्या साली तं मी कॉलेजात कुठी होतो? कापसाचा चुकारा लांबला त्या वर्षी. फी भराची राहून गेली. घरी सांगाची हिंमत नाही झाली. एका झेरॉक्सच्या दुकानात लागलो. दिवसभर लोकायच्या नोट्स छापो आन संध्याकायी तिथं जाऊन एक चहा पेओ."

"मग पत्रं?" मी विचारले. कारण दुसऱ्या वर्षाची पत्रेच सगळ्यांत लांब होती, सगळ्यांत रंगलेली होती. माझे प्रकरण त्यांच्यावरच उभे होते.

"तू इकडं वाट पाह्यत होता ना," तो म्हणाला. "तुह्यं पत्र ये, का पुढं काय झालं? मग जा लागे मले. चहाचे पैसे राखून ठेवा लागत. तुह्यासाठी जाओ, आन तिथं बसलो का मालूम नाही, दोन घंटे मलेबी वाटे का आपण कॉलेजातच हाओत."

इतकी वर्षे मी समजत होतो की तो त्या टेबलावर बसला होता आणि मी दूर तिवशात होतो. प्रत्यक्षात आम्ही दोघेही बाजूच्याच टेबलावर होतो. त्याचे टेबल हातभर अंतरावर होते आणि माझे महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोकाला, एवढाच काय तो फरक. 'बरं लिवलं' या दोन शब्दांचा अर्थ मला त्या दिवशी लागला. आपण ज्या खुर्चीवर कधी बसलो नाही तिथे मित्राने आपल्याला नायक करून बसवले आहे, हे वाचून माणूस दुसरे काय बोलणार?

मी त्याला विचारले, "हे लिहू का?"

त्याने विचार केला. म्हणाला, "लिव. बाप राह्यला नाही आता. नाव नको लिवू फक्त." थोडे थांबून पुन्हा म्हणाला, "आन पिंपय राहू दे. थो चांगला होता."

म्हणून हे लिहिले. नाव लिहिलेले नाही. गावात तो अजून बी. एस्सी. आहे, आणि माझ्या मते ती पदवी त्याने पुरेपूर कमावलेली आहे. दोन वर्षे रोज संध्याकाळी हजर राहून, ऐकून, आठवून, लिहून काढणारे विद्यार्थी कुठल्या कॉलेजात किती असतील?

आम्ही बोलत होतो तोवर अंधार पडला. नागपूरकडे जाणाऱ्या ट्रकांचे दिवे हॉटेलाच्या भिंतीवरून सरकत होते. शेजारच्या बाकावर माझ्याच शाळेतला नववीतला एक पोरगा बसला होता. समोर चहाचा रिकामा ग्लास, हातात मिटलेले पुस्तक. मी पाहिले तेव्हा त्याने घाईने पुस्तक उघडले. पण कान आमच्याकडेच होते.

मित्राच्याही ते लक्षात आले. त्याने पोऱ्याला खूण करून तिकडे आणखी एक चहा धाडला. मग खुर्ची जरा सरकवून घेतली, आणि कुणाला मुद्दाम वाटणार नाही इतपत आवाज चढवून मला म्हणाला, "हं, काय सांगत होता तू? थे रिकामी खिडकी..."